ऑक्टोबर 1978: वजन घटलेल्या अ‍ॅलन पेजची हकालपट्टी

ऑक्टोबर 1978 मध्ये मिनेसोटा व्हायकिंग्जनं अ‍ॅलन पेजला संघातून काढलं. तो 33 वर्षांचा होता आणि हंगामातले सोळापैकी सहाच सामने झाले होते. अमेरिकेच्या व्यावसायिक फुटबॉल लीगमध्ये, म्हणजे एनएफएलमध्ये, त्या काळी खेळाडूला असं मधेच सोडलं की त्याचं नाव वेव्हरच्या, म्हणजे सोडलेल्या खेळाडूंच्या, यादीत जायचं आणि दुसरा संघ ठरलेली फी भरून त्याला उचलू शकायचा. शिकागो बेअर्सनं पेजला उचललं. फी होती 100 डॉलर.

सातच वर्षांपूर्वी, 1971 साली, हाच माणूस असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेच्या निवडीनुसार अख्ख्या लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला होता. हा मान बहुतेक वेळा पास टाकणाऱ्या क्वार्टरबॅकला नाहीतर चेंडू घेऊन धावणाऱ्या रनिंग बॅकला जातो. तो मिळवणारा पेज हा बचावातला पहिला खेळाडू. त्याच्यानंतर बचावातल्या फक्त एकाला तो मिळाला आहे, 1986 साली न्यूयॉर्क जायंट्सच्या लॉरेन्स टेलरला.

संघानं दिलेलं कारण साधं होतं. पेजचं वजन फार उतरलंय, त्याच्यात पूर्वीचा जोर राहिलेला नाही, त्याच्या जागेला लागणारं काम त्याच्याकडून होत नाही. निर्णय प्रशिक्षक बड ग्रँटचा होता. ग्रँट काही उथळ माणूस नव्हता. मिनेसोटाच्या गोठवणाऱ्या थंडीत मैदानाच्या कडेला हीटर लावायला त्यानं बंदी केली होती, आणि त्याच शिस्तीवर त्याने संघाला चार वेळा सुपर बोलपर्यंत, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्यापर्यंत, नेलं होतं. चारही वेळा संघ हरला हे खरं, पण तिथवर जाणंही सोपं नाही. अशा प्रशिक्षकानं विचार करून घेतलेला हा निर्णय होता, म्हणून तो नीट तपासण्यासारखा आहे. माझं मत आधीच सांगतो: फुटबॉलच्या हिशेबानं हा निर्णय चुकला. ग्रँटनं पेज जे काम करतो ते न पाहता त्या जागेसाठी ठरलेला साचा पाहिला.

जागा कोणती, काम काय

चेंडू असलेल्या संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं असतं. प्रत्येक प्रयत्न सुरू होतो तो स्नॅपनं. मधला खेळाडू जमिनीवरचा चेंडू पायांमधून मागे देतो आणि त्या क्षणी दोन्ही फळ्या एकमेकींवर आदळतात. बचाव करणाऱ्यांची पहिली फळी म्हणजे डिफेन्सिव्ह लाइन. व्हायकिंग्जच्या फळीत चौघे होते: टोकांना कार्ल एलर आणि जिम मार्शल हे एन्ड, मध्ये गॅरी लार्सन आणि पेज हे टॅकल. पेज उजवीकडचा. जांभळ्या गणवेशामुळे या चौघांना 'पर्पल पीपल ईटर्स' म्हणायचे. त्यांचं आपसातलं ब्रीद होतं, क्वार्टरबॅकपाशी भेटू.

टॅकलला दोन वेगळी कामं असतात आणि त्यांची ओढ उलट दिशांना असते. समोरचा संघ चेंडू घेऊन धावणार असेल तर टॅकलनं आपली जागा सोडायची नाही. दोन दोन माणसं अंगावर आली तरी पाय रोवून उभं राहायचं, मधली फट उघडू द्यायची नाही. तिथे वजन लागतं, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण समोरचा संघ पास टाकणार असेल तर टॅकलला तीनेक सेकंदांत अडवणाऱ्याला चुकवून क्वार्टरबॅकपर्यंत पोहोचायचं असतं, आणि तिथे पहिली अर्धी पावलंच सगळं ठरवतात.

पेजची ताकद या पहिल्या अर्ध्या पावलात होती. एक हात जमिनीला टेकवून तो वाकून बसायचा आणि चेंडू हलताक्षणी सुटायचा. समोरचा गार्ड, म्हणजे त्याला अडवणारा खेळाडू, अजून उठतोय, त्याचे हात अजून वर यायचेत, तोवर पेज त्याच्या खांद्याच्या बाजूला गेलेला असायचा. पट काढणारा चपळ मल्ल समोरच्याचा तोल सावरायच्या आत आत शिरतो, तसा. त्याच्याशी ताकदीची झुंज होण्यासाठी आधी तो हाताला लागायला हवा होता. उंची सुमारे 193 सेंटीमीटर आणि भर कारकिर्दीतलं वजन साधारण 111 किलो. टॅकलसाठी त्या काळीही हे वजन हलकंच. म्हणजे 1971 साली सर्वोत्तम ठरलेला पेजसुद्धा साच्यात बसणारा नव्हता. 1978 मध्ये संघाला अचानक हलका वाटू लागलेला हा माणूस पहिल्या दिवसापासून वेगावरच जगत होता.

समोरच्या संघानं पायानं मारलेला चेंडू अडवणं हीसुद्धा त्याची खासियत. कारकिर्दीत त्याने 28 किक अडवल्या. किक अडवायला फळी फोडून अगदी थोड्या वेळात आत घुसावं लागतं, तिथे जाडजूड शरीराचा काही उपयोग होत नाही.

कॅन्टन ते मिनेसोटा

पेजचा जन्म 7 ऑगस्ट 1945 चा, ओहायोतल्या कॅन्टनचा. पोलादाच्या गिरण्यांचं गाव. गिरणीत जन्म घालवायचा नाही हे त्याने लहानपणीच ठरवलं होतं, आणि वकील व्हायची इच्छाही तेव्हाचीच. तो तेरा वर्षांचा असताना आई गेली. कॅन्टनमध्येच व्यावसायिक फुटबॉलचं हॉल ऑफ फेम, म्हणजे थोर खेळाडूंचा सन्मान करणारी वास्तू, आहे. 1963 साली ते उघडलं, त्याआधी इमारतीचं बांधकाम चालू असताना शाळकरी पेज तिथे मजुरी करत होता. 1988 मध्ये त्याच वास्तूत त्याचा अर्धपुतळा बसला.

नोट्र डेम विद्यापीठाच्या 1966 च्या राष्ट्रीय विजेत्या संघात तो होता. 1967 मध्ये राज्यशास्त्राची पदवी घेतली आणि त्याच वर्षी व्हायकिंग्जनं ड्राफ्टच्या, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीच्या, पहिल्या फेरीत, पंधराव्या क्रमांकावर त्याला निवडलं. थोड्याच सामन्यांत तो पहिल्या फळीत आला आणि पुढे नऊ वेळा प्रो बोलसाठी, म्हणजे लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी, निवडला गेला. पंधरा हंगामांत तो लीगचा एकही सामना चुकला नाही, सलग 218 सामने खेळला. ज्या जागेवर गुडघे, खांदे आणि बोटं दर आठवड्याला चेपली जातात, तिथे हा आकडा मला त्याच्या कोणत्याही पुरस्काराहून मोठा वाटतो.

हकालपट्टीआधीची तीन वर्षं

1970 च्या दशकाच्या मध्यापासून पेजच्या आयुष्यात तीन गोष्टी एकाच वेळी चालू होत्या.

पहिली गोष्ट धावण्याची. पत्नी डायननं सिगारेट सोडण्यासाठी धावायला सुरुवात केली आणि तो तिच्याबरोबर निघाला. हळूहळू अंतर वाढत गेलं आणि वजन उतरत गेलं, 102 किलोच्या आसपास आलं. त्या काळच्या फुटबॉलमध्ये लाइनमननं लांब पल्ल्याचं धावणं म्हणजे वेडेपणा समजायचे. लाइनमननं खायचं, वजनं उचलायची, अंगात भर घालायची अशी रीत.

दुसरी गोष्ट संघटनेची. पेज बरीच वर्षं खेळाडूंच्या संघटनेत व्हायकिंग्जचा प्रतिनिधी होता आणि 1972 ते 1975 या काळात संघटनेच्या कार्यकारी समितीवरही होता. त्या काळी करार संपलेला खेळाडू दुसऱ्या संघात गेला तर नव्या संघाला जुन्या संघाची भरपाई करावी लागे. ती किती, हे लीगचे आयुक्त पीट रोझेल ठरवत. त्यामुळे असा खेळाडू घ्यायला कोणी धजावत नसे. या रोझेल नियमाविरुद्ध 1974 मध्ये संप झाला, मग खटले झाले. संपाची घोषणा होती, स्वातंत्र्य नाही तर फुटबॉल नाही. या लढ्यात पेज बिनीवर होता. हकालपट्टीचं कारण म्हणून संघानं खेळ आणि वजन एवढंच पुढे केलं, त्यामुळे मीही निर्णय त्याच कसोटीवर तपासतो आहे. पण मालकांशी उघड भांडणाऱ्या खेळाडूला तेव्हा किती मोकळी हवा मिळत असेल, हे वाचकाने लक्षात ठेवायला हवं.

तिसरी गोष्ट कायद्याची. कारकिर्दीच्या सुरुवातीला त्याने एका लॉ स्कूलमध्ये नाव घातलं होतं, पण तीन आठवड्यांत सोडून दिलं. 1975 मध्ये त्याने पुन्हा, या वेळी मिनेसोटा विद्यापीठात, प्रवेश घेतला आणि खेळत खेळत शिकत 1978 मध्ये कायद्याची पदवी मिळवली. म्हणजे पदवी हातात आली त्याच वर्षी संघानं त्याला दार दाखवलं.

शिक्षणाबद्दलच्या त्याच्या ओढीमागचा एक प्रसंग त्याने पुढे जाहीरपणे सांगितला आहे. व्हायकिंग्जच्या बैठकीत एकदा प्रशिक्षकानं डावपेचांच्या वहीतला मजकूर खेळाडूंना मोठ्यानं वाचायला लावला. काही जण सहज वाचत गेले, काही अडखळले आणि काहींना ते वाचताच येईना. ही मंडळी शाळा आणि विद्यापीठ पार करून आली होती. चेंडू चांगला खेळतात म्हणून त्यांना वर्गावर्गांतून पुढे ढकललं गेलं होतं. हा प्रसंग वाचला की मला त्या न वाचता येणाऱ्या माणसांपेक्षा त्यांना पुढे ढकलणाऱ्यांचा राग येतो.

ग्रँटची बाजू

आता प्रशिक्षकाच्या खुर्चीत बसून पाहू. 1978 चा व्हायकिंग्ज संघ म्हातारा झाला होता. मार्शल चाळिशीत, एलर छत्तिशीत. 1977 च्या सुरुवातीला चौथा सुपर बोल हरल्यावर तो जुना संघ पुन्हा तिथवर जाईल असं कोणालाच वाटत नव्हतं. फळी नवी करायची होती. धावत येणारा खेळ अडवताना मध्ये 102 किलोचा टॅकल असेल तर समोरचा संघ मुद्दाम त्याच्याच अंगावर येणार, हे कोणत्याही प्रशिक्षकाला कळतं. तसं झालंच असेल तर ग्रँटची चिंता खोटी म्हणता येणार नाही.

शिवाय नियमही बदलले होते. 1978 पासून पास टाकताना अडवणाऱ्या खेळाडूंना हात लांब करून, उघड्या पंजांनी समोरच्याला ढकलायची मुभा मिळाली. तोवर त्यांना हात बरेचसे अंगाशी ठेवावे लागत. चुकवून निसटणाऱ्या पेजसारख्या खेळाडूला या नियमाचा फटका बसणारच होता. आता गार्डचे लांब हात त्याच्यापर्यंत आधी पोहोचणार, आणि एकदा पकडलं की वजनाचा प्रश्न येणार.

ग्रँटनं हा सगळा हिशेब केला असेल तर तो अडाण्याचा हिशेब नव्हता. फक्त त्यात एक गोष्ट उरली. पेज म्हातारा झाला होता का? त्याचे पाय गेले होते का? लांब धावून वजन कमी केलेल्या खेळाडूचा दम वाढतो, आणि चौथ्या, म्हणजे शेवटच्या क्वार्टरमध्ये समोरचा गार्ड थकलेला असताना तोच दम कामाला येतो. ग्रँटनं वजनाच्या काट्यावरचं नुकसान पाहिलं, दमातली भर पाहिली नाही.

शिकागोतले 58 सामने

बेअर्सनं पेजला योगायोगानं उचललं नव्हतं. तिथला मुख्य प्रशिक्षक नील आर्मस्ट्राँग पूर्वी व्हायकिंग्जच्याच बचावाचा प्रशिक्षक होता. बचाव सांभाळणारा बडी रायन 1976 आणि 1977 मध्ये व्हायकिंग्जच्या डिफेन्सिव्ह लाइनला शिकवत होता. दोघांनी पेजला जवळून पाहिलं होतं, आणि उतरलेल्या वजनासकट पाहिलं होतं. त्यांना ठाऊक होतं की हा खेळाडू जागा धरून बसवण्यासाठी नाही, सुटण्यासाठी आहे.

1978 चे उरलेले दहा सामने आणि पुढचे तीन पूर्ण हंगाम, असे 58 सामने तो शिकागोकडून खेळला. त्यांत त्याने सुमारे 40 वेळा क्वार्टरबॅकला चेंडू हातात असतानाच पाडलं. या पाडण्याला सॅक म्हणतात आणि डिफेन्सिव्ह लाइनमनचं मोल आज मुख्यतः त्यावरच ठरतं. व्हायकिंग्जच्या 160 सामन्यांत त्याचे 108.5 सॅक होते, म्हणजे तीन सामन्यांमागे साधारण दोन. शिकागोतला वेगही जवळपास तोच. संपलेला म्हणून सोडलेला खेळाडू 33 ते 36 या वयात, घटलेल्या वजनानं, नव्या नियमांखाली जुन्याच वेगानं काम करत होता. 1979 मध्ये बेअर्सनं 10 सामने जिंकून प्लेऑफ, म्हणजे बाद फेरी, गाठली.

त्याच 1979 मध्ये तो पूर्ण मॅरेथॉन धावला. एनएफएलमध्ये खेळत असताना मॅरेथॉन पूर्ण करणारा तो पहिला खेळाडू. त्याच वर्षी वकिलीची परवानगी मिळाली आणि हंगाम नसताना तो मिनिॲपोलिसमध्ये वकिली करू लागला.

1981 च्या शेवटी, डेन्व्हर ब्राँकोजविरुद्धच्या आपल्या अखेरच्या सामन्यात त्याने साडेतीन सॅक केले. मग निवृत्ती.

इथे एक गोष्ट मला मनापासून खटकते. एनएफएलनं सॅकची अधिकृत नोंद सुरू केली 1982 पासून, पेज निवृत्त झाल्यावर पुढच्याच वर्षी. त्यामुळे लीगच्या अधिकृत पुस्तकात त्याच्या नावावर एकही सॅक नाही. जुन्या सामन्यांच्या नोंदी चाळून अभ्यासकांनी त्याचे 148.5 सॅक मोजले, पण त्यावर लीगचा शिक्का नाही. 1978 मध्ये ग्रँटपुढे हा आकडा रोज ठळक छापून येत असता तर हकालपट्टीचा निर्णय इतक्या सहज पचला असता असं मला वाटत नाही. ज्या कामाची मोजणीच होत नाही, त्या कामाच्या जागी मग किलो मोजले जातात.

व्हायकिंग्जच्याच घरात याला जोड मिळाली. 1990 साली जॉन रँडल नावाचा टॅकल ड्राफ्टमध्ये कोणीही न घेतल्यामुळे व्हायकिंग्जकडे आला. त्याचंही वजन कमी. ठरलेलं वजन भरलं तर करार करू असं त्याला सांगण्यात आलं, तेव्हा त्याने कपड्यांखाली जड साखळी गुंडाळून काट्यावर पाय ठेवला. त्याने कारकिर्दीत 137.5 सॅक केले, या वेळी अधिकृत, आणि 2010 मध्ये तोही हॉल ऑफ फेममध्ये गेला. बारा वर्षांनी, त्याच संघात, त्याच जागेवर, तोच काटा आडवा आला होता.

वजनाची दुसरी बाजूही आहे. खेळाडूंच्या संघटनेच्या मागणीवरून अमेरिकेच्या व्यावसायिक सुरक्षा व आरोग्य संस्थेनं माजी खेळाडूंचा अभ्यास केला, तो 1994 मध्ये पुढे आला. खेळाडू एकूण सामान्य माणसांइतके किंवा जास्तच जगत होते, पण लाइनमनमध्ये हृदयविकारानं मरण्याचं प्रमाण इतर जागांवरच्या खेळाडूंपेक्षा कितीतरी जास्त होतं. पेजनं धावून उतरवलेले किलो संघाला तोटा वाटत होते, तेव्हा त्याच्या हृदयाला ते काय देत होते याची चर्चाही कोणी करत नव्हतं.

कोर्टाची पायरी

निवृत्तीनंतर पेजनं काही वर्षं खासगी वकिली केली, मग 1985 पासून मिनेसोटाच्या ॲटर्नी जनरलच्या कार्यालयात काम केलं. 1988 मध्ये हॉल ऑफ फेमच्या समारंभात आपली ओळख करून द्यायला त्यानं एखादा प्रशिक्षक किंवा सहकारी बोलावला नाही, मिनिॲपोलिसमधल्या एका शाळेच्या मुख्याध्यापिका विलरीन बीझली यांना बोलावलं. भाषण केलं ते शिक्षणावर. त्याच वर्षी डायन आणि त्याने पेज एज्युकेशन फाउंडेशन काढलं. या संस्थेची शिष्यवृत्ती घेणाऱ्या विद्यार्थ्यानं लहान मुलांना शिकवण्यासाठी वेळ द्यायचा, अशी अट आहे.

मिनेसोटात सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश सहा वर्षांसाठी मतदारांनी निवडायचे असतात. प्रत्यक्षात अनेक न्यायाधीश मुदत संपण्याआधी निवृत्त होत, गव्हर्नर रिकामी जागा भरत आणि मतदारांपर्यंत खुली निवडणूक क्वचितच पोहोचे. 1992 मध्ये पेजला निवडणूक लढवायची होती. गव्हर्नर आर्नी कार्लसन यांनी लॉरेन्स येटका या न्यायाधीशांची मुदत वाढवली, म्हणजे त्या जागेची निवडणूकच टळली. पेजनं गव्हर्नरविरुद्ध खटला भरला. 'पेज विरुद्ध कार्लसन' या प्रकरणात निकाल पेजच्या बाजूनं लागला, जागा मतपत्रिकेवर आली आणि तो निवडून आला. जानेवारी 1993 मध्ये मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयात बसणारे ते पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाले. पुढे 1998, 2004 आणि 2010 मध्ये मतदारांनी त्यांना पुन्हा निवडून दिलं.

1978 च्या निर्णयाशी ताडून पाहण्यासारखी गोष्ट या दुसऱ्या कारकिर्दीच्या शेवटी आहे. मिनेसोटात न्यायाधीशाला सत्तराव्या वर्षी पद सोडावं लागतं. मर्यादा कायद्यात लिहिलेली आहे, सगळ्यांना सारखी आहे आणि पहिल्या दिवसापासून माहीत असते. 31 ऑगस्ट 2015 ला न्यायमूर्ती पेज त्या नियमानुसार पायउतार झाले.